खापरीवरची उजळणी

खानापुरात कौलांच्या कारखान्यामागं
फुटक्या मालाचा ढीग असायचा.
रविवारी दुपारी, भट्टी गार असताना,
ओबेद मास्तर त्यातून आमच्या पाट्या निवडायचे.
पेशानं ते मास्तर नव्हतेच.
मालाची मोजदाद ठेवणारे कारकून, कानाला पेन्सिल,
खिशावर लाल बोटांचे ठसे.

"पाटी नाही म्हणून रडताय काय?
त्या देशातली पोरंबी खापरावरच गिरवायची.
मडकं फुटलं की आई ओरडणार,
आणि पोरगं मनातल्या मनात म्हणणार, आली वही!"

आम्ही चौघं. मी, सुबान्या,
यल्लव्वाची निंगी, हुसेनसाबचा रफीक.
हातात एकेक खिळा.
आधी बैल काढायला लावला,
नुसतं डोकं आणि दोन शिंगं.
"हे त्यांचं पहिलं अक्षर. दुसरं घर. चौथं दार.
एवढं जमलं की बाकीची
आपोआप येतात की चरत चरत."
निंगी म्हणाली, आमच्या अ ला शिंगं नाहीत.
मास्तर तिच्या कानडी अ कडं बघत बसले,
मग माझ्या मराठी अ कडं.
"झिजली असतील," म्हणाले.

एकदा एका पोराची गोष्ट.
तीन हजार वर्षांमागं त्यानं
तळहाताएवढ्या चुनखडीवर वर्षाची कामं कोरली:
दोन महिने पेरणीचे, एक जव कापायचा,
शेवटचा उन्हाळी फळांचा.
कडेला नाव. तेही अर्धं, पुढचं तुटलेलं.
"अबी, एवढंच राहिलंय," मास्तर म्हणाले,
आणि सगळे माझ्याकडं बघून हसले,
कारण मी अबीगैल.

"आता तुमचं लिहा."
मी लिहिलं, भाताचा तरवा, चिखल, लावण,
काजूच्या बोंडांचा वास, एक महिना.
सुबान्यानं लिहिलं,
आई निपाणीला तंबाखूत, चार.
रफीकच्या खापरीवर दोनच शब्द:
भट्टी, बारा.
मास्तरांनी सगळ्यांत आधी तीच वाचून दाखवली.

म्हणायचे, धार लावायला आणि शिकवायला
त्या लोकांत जवळजवळ एकच शब्द.
पुन्हा पुन्हा तेच घासायचं, सहाणेवर कोयता फिरवतात तसं.
कोयता कुणावर चालवायचा
हे मात्र त्या शब्दात नाही, असंही म्हणायचे,
आणि ते म्हणताना खाली बघायचे.

त्या वर्षी मैलाच्या दगडांवर
रात्रीत डांबर फासलं जाई.
एका आठवड्यात मराठी अक्षरं जात,
दुसऱ्यात कानडी.
गावाला नाव उरलं नव्हतं, नुसता आकडा.
रफीकनं विचारलं, "ह्यो दगड कसला ओ?"
मास्तरांना इतका आनंद झाला, की खालीच बसले.

"नदी ओलांडली तेव्हा त्यांनी
पात्रातले बारा धोंडे काठावर आणून ठेवले.
का, तर पुढं कधीतरी एखादं पोर विचारील,
हे धोंडे कसले.
तोवर बापानं वाट बघायची. तू विचारलंस बघ."

आम्हीही वाट बघितली.
डांबराबद्दल ते काहीच बोलले नाहीत.
मलप्रभेपर्यंत चालवत नेलं, पाण्यात पाय सोडले,
तेव्हा दिसलं,
त्यांची नखं काळी होती.
कुणी बघत नसताना ते दगड खरवडत असावेत.

कारखाना बंद पडला. मास्तर गेले.
मी नंदगडच्या शाळेत कानडी शिकवते,
घरी मराठी बोलते,
आणि वाढत्या वयाबरोबर दोन्हीत चुकते.

परवा कपाटाच्या पायाखाली टेकण दिलेली
एक खापरी लेकीनं ओढून काढली.
कपाट कलंडलं, डबे घरंगळले.
तिनं पिठातून ती वर धरली.
तरवा, चिखल,
आणि कडेला अबी. पुढचं तुटलेलं.

"आई, हे काय आहे गं?"

माझे हात भाकरीच्या पिठात होते.
चाळीस वर्षं उत्तर तयार होतं,
पण तोंडातून दुसरंच आलं:
"फळीवरचा खिळा आण.
आधी बैल काढ."